तिसरं घड्याळ

एकोणीसशे चौऱ्याहत्तर साल. आमच्या भुसावळात त्याला अजूनही संपाचं साल म्हणतात. मे महिन्यात रेल्वे थांबली होती आणि निम्म्या गावाच्या चुली जपून पेटत होत्या. पण मी सांगतेय ते डिसेंबरातलं. तोवर गाड्या पुन्हा वेळेवर, म्हणजे आपल्या नेहमीच्या उशिराने, धावायला लागल्या होत्या.

शुक्रवारची संध्याकाळ होती. यार्डावरच्या पुलावर सासऱ्यांनी माझ्या हातात स्टॉपवॉच ठेवलं. दुसरं त्यांच्या हातात होतं. दोन्ही त्यांनी एकदमच सुरू केली होती.

"ती मालगाडी येतेय बघ. इंजिन त्या खांबाला लागलं की दाबायचं."

मी दाबलं. त्यांनीही दाबलं. मग दोन्ही घड्याळं शेजारी धरून ते म्हणाले, "तू चार दशांश सेकंद आधी. इंजिनाकडे बघत होतीस."

"मग कुठे बघू, आबा?"

"खांबाकडे. इंजिनाला काय, ते येतंच. येणाऱ्याकडे बघितलं की बोट घाई करतं. उद्या मैदानावरही तसंच. पळणाऱ्या मुलीकडे बघायचं नाही, रेषेकडे बघायचं."

आबा भारंबे चौतीस वर्षं मालगाडीचे गार्ड होते. निवृत्त होऊन दोन वर्षं झाली होती, तरी सकाळचा चहासुद्धा खिशातल्या घड्याळावर नजर टाकून घ्यायचे. जिल्ह्यात कुठेही धावण्याच्या शर्यती असल्या की मुख्य वेळाधिकारी म्हणून त्यांनाच बोलावणं यायचं. आबांच्या घड्याळावर वाद नाही, असं लोक म्हणायचे.

दुसऱ्या दिवसापासून रेल्वेच्या मैदानावर विभागाची दोन दिवसांची निवड चाचणी होती. शर्यतीला तीन घड्याळं लागतात. आबा एक, जळगावच्या शाळेतले अत्तरदे सर दुसरे, आणि तिसरे बँकेतले एक गृहस्थ, ते तापाने आडवे झाले होते. ऐनवेळी माणूस मिळेना. वर्षभर रोज पहाटे मी मैदानाच्या कडेला उभी राहून माझ्या नणंदेच्या फेऱ्यांची वेळ घेत होते, त्यामुळे घड्याळ मला नवं नव्हतं.

"पण द्वारकी त्या शर्यतीत आहे, आबा. घरातली दोन माणसं घड्याळावर बरी दिसतील का?"

"घड्याळाला नातं नसतं," आबा म्हणाले. "आणि तीन घड्याळं असतात ती त्यासाठीच. तीन आकडे वेगळे आले तर मधला धरायचा. कुणी जास्त मायेचा असेल तर आपोआप बाजूला पडतो."

"आणि दोनच घड्याळं असली तर?"

"तर जास्त वेळ दाखवणारं खरं. शंका आली तर ती पळणाऱ्याच्या विरुद्ध. नियमच तसा आहे."

द्वारका माझी नणंद, तिच्या मधुदादाची, म्हणजे माझ्या नवऱ्याची, धाकटी बहीण, एकोणीस वर्षांची. हसताना तोंडावर हात धरणारी, पाहुणे आले की स्वयंपाकघरातून बाहेर न येणारी. पळायला लागली की मात्र वेगळीच. पंधराशे मीटर हा तिचा प्रकार. आमच्या मैदानाला त्याच्या पाच फेऱ्या होत. आणि त्या शनिवारी तिच्यासाठी सगळं त्या पाच फेऱ्यांत होतं. अमळनेरचं एक स्थळ आलं होतं. चांगलं होतं, घरची कापडाची पेढी, मुलगा पदवीधर. आबांनी दिवाळीतच सांगून टाकलं होतं, "राज्याच्या शिबिरात निवड झाली तर दोन वर्षं लग्नाचा विषय काढणार नाही. झाली नाही तर अमळनेरला होकार कळवतो." शिबिरात निवड व्हायला पंधराशे मीटर पाच मिनिटांच्या आत पळावे लागत. द्वारकीची आजवरची सर्वांत चांगली वेळ होती पाच मिनिटं चार सेकंद.

सासूबाई म्हणाल्या होत्या, "चार सेकंदांत काय होतं वं माय? चार सेकंदांत मला साधी शिंक येत नाही."

"आई, तू शिंकत बस. मला ते चार सेकंद आणायचेत," द्वारकी म्हणाली होती.

*

शनिवारी सकाळी मैदानावर फक्कीच्या पांढऱ्या रेषा ओलसर गवतावर उठून दिसत होत्या. अंतिम रेषेला लागून एक पायऱ्यांचं लाकडी मचाण होतं. वरच्या पायरीवर आबा, मधल्या पायरीवर अत्तरदे सर, खालच्या पायरीवर मी. नऊवारीतल्या दोन म्हाताऱ्या मला बघून एकमेकींना कोपराने ढोसत होत्या. गार्डसाहेबांची सून पुरुषांच्या रांगेत बसली होती ना!

पोरांच्या शर्यती झाल्या. तीन शर्यतींत माझा आकडा आबांच्या आकड्याच्या एका दशांशाच्या आत आला. अत्तरदे सर मागे वळून म्हणाले, "गार्डसाहेब, सूनबाईंनी आपल्याला घरी बसवलं तर नवल नाही."

"बसवू दे," आबा म्हणाले. त्यांच्या तोंडून तेवढं कौतुकही फार होतं.

अकरा वाजता मुलींचे पंधराशे मीटर लागले. सात मुली होत्या. द्वारकीनंतर नजरेत भरत होती ती शिरपूरकडची पावरा आडनावाची एक मुलगी, काटक आणि अनवाणी. पिस्तुलाचा धूर दिसला आणि आम्ही तिघांनी घड्याळं सुरू केली.

पहिल्या तीन फेऱ्या मी कशा काढल्या ते मला आठवत नाही, कारण मी रेषेकडेच बघत होते. चौथ्या फेरीला पावराच्या मुलीने वेग वाढवला. घंटा वाजली, शेवटची फेरी. द्वारकी सहा-सात पावलं मागे होती. लोक ओरडायला लागले. मी रेषेकडे बघत होते. अगदी शपथेवर सांगते, वळणापर्यंत मी रेषेकडेच बघत होते.

मग कुणीतरी ओरडलं, "आली रे भारंब्यांची आली!" आणि मी मान वर केली.

द्वारकी शेवटच्या वळणातून बाहेर पडत होती. तिच्या चेहऱ्यावर असं काही होतं की मी तो चेहरा ओळखलाच नाही. दात विचकलेले, मान ताठ, डोळे समोर कुणाचं तरी काहीतरी हिसकावून घ्यायला निघाल्यासारखे. तोंडावर हात धरून हसणारी आमची द्वारकी ती हीच का? एक वर्ष मी तिला पहाटेच्या अंधुक उजेडात पळताना बघितलं होतं. आकडे माझ्या वहीत होते, पण तिला मी बघितलंच नव्हतं. ती पावराच्या मुलीच्या खांद्याला आली, तिच्या पुढे झाली, फीत तिच्या छातीला लागली, आणि मी पायरीवरून खाली उडी मारून टाळ्या पिटत होते.

टाळ्या. घड्याळ हातात असताना.

लक्षात आलं तेव्हा काटा अजून फिरत होता. मी घाबरून दाबलं. आणखी एकदा दाबलं गेलं. त्या घड्याळांना एकच बटण असायचं. एकदा दाबलं की सुरू, दुसऱ्यांदा थांबतं, तिसऱ्यांदा काटा शून्यावर. माझा काटा शून्यावर येऊन निमूट उभा राहिला.

आता रीत अशी होती की प्रत्येकाने आपला आकडा चिठ्ठीवर लिहायचा, घडी घालायची आणि मुख्य वेळाधिकाऱ्याकडे द्यायची. अत्तरदे सरांनी लिहिला. पण त्यांना राहवलं नाही. माझ्या कानाशी वाकून ते म्हणाले, "माझं पाच शून्य दोन. दोन दशांशांनी गेली हो पोरगी! आता तुमचं काय म्हणतं?"

मी वर पाहिलं. आबांचं घड्याळ त्यांच्या उघड्या तळव्यावर होतं. चार एकोणसाठ सहा, पाच मिनिटांच्या आत.

म्हणजे सगळं माझ्या चिठ्ठीवर आलं होतं. मी चार एकोणसाठ आठ लिहिलं की तो मधला आकडा, आणि द्वारकी शिबिरात. काही लिहिलं नाही की दोनच घड्याळं उरणार, जास्त वेळ दाखवणारं खरं, आणि द्वारकी अमळनेरला. माझं घड्याळ शून्यावर होतं. पुढच्या शर्यतीसाठी सगळेच घड्याळ शून्यावर आणतात. कुणी मला विचारलं नसतं.

मैदानावर द्वारकी गुडघ्यांवर हात ठेवून वाकली होती आणि वाकूनच मचाणाकडे बघत होती.

मी चिठ्ठीवर 'चार' लिहिलं.

"सिंधू," आबा वरून म्हणाले. त्यांनी आमच्याकडे पाठ केली होती. "तुझं घड्याळ सांगेल ते लिही. मी बघत नाही."

त्यांनी हात पुढे करून घड्याळ मागितलं असतं तर मी बेधडक खोटं बोलले असते, असं मला आजही वाटतं. पण ते पाठ करून उभे होते. मी 'चार' खोडलं. चिठ्ठी न देता तोंडानेच सांगितलं, "आबा, मी दाबलं नाही. मी तिच्याकडे बघत राहिले."

अत्तरदे सरांनी कपाळाला हात लावला. आबा वळले. मग त्यांनी भोंगेवाल्याला हाक मारली आणि सावकाश सांगितलं, "पंधराशे मीटर मुली. पहिली, द्वारका भारंबे. वेळ, पाच मिनिटं, शून्य पूर्णांक दोन दशांश सेकंद."

*

सासूबाईंनी दुपारी बामणोदच्या वांग्यांचं भरीत केलं होतं, कळण्याच्या, म्हणजे ज्वारी-उडदाच्या भाकरी आणि कांद्याची पात. पोरगी जिंकणार म्हणून परातभर केलेलं. ते तसंच राहिलं.

द्वारकी मागच्या दारी पायरीवर बसली होती. मी शेजारी जाऊन बसले तर ती सरकली.

"एक आकडा, वहिनी. एक आकडा लिहायचा होता तुला."

"हो."

"दुसऱ्या कुणासाठी नसतं लिहिलंस तर चाललं असतं. माझ्यासाठी लिहायला तुझ्या हाताला काय झालं होतं?"

"आबांनी पाठ फिरवली गं. त्यांनी बघितलं असतं तर लिहिलं असतं."

"हे काय बोलणं झालं?"

"मला तरी कुठे कळतंय! पण तसंच झालं."

कुंपणापलीकडे शेजारणीची कोंबडी उकिरडा उकरत होती. तिकडे बघतच द्वारकीने विचारलं, "तू खरंच दाबायचं विसरलीस?"

"तू अशी काही पळत होतीस, की... तोंड बघायला हवं होतंस तुझं. आमच्या माहेरी एकदा तरस शिरलं होतं गोठ्यात, अगदी तसं."

तिला हसू आलं आणि तिने सवयीने तोंडावर हात धरला. मग हात काढला आणि रडायला लागली. "घरातलं कुणी मला पळताना बघितलंय असं पहिल्यांदाच झालं, माहिती आहे? आई येत नाही, तिला बघवत नाही. मधुदादा इंजिनांच्या शेडमध्ये ड्युटीवर. आणि आबा तर... दहा वर्षं माझ्या प्रत्येक शर्यतीला आहेत. एकदाही बघितलं नाही त्यांनी मला. त्यांना माझे फक्त आकडे माहीत."

दारात आबा उभे होते. किती वेळ होते कोण जाणे. त्यांच्या हातात एक पोस्टकार्ड होतं, अमळनेरचा पत्ता घातलेलं. दिलेला शब्द पाळायचा म्हणून त्यांनी ते लिहूनही टाकलं होतं.

"सिंधू," ते म्हणाले, "अत्तरदेंचं घड्याळ बरोबर होतं."

"म्हणजे?"

"माझं चार एकोणसाठ सहा चुकीचं होतं. मी..." त्यांनी कार्ड दुसऱ्या हातात घेतलं. "लोक ओरडले तेव्हा मी नजर वर केली. मालगाडीवर चौतीस वर्षांत केली नव्हती. बोट आधीच पडलं. ती रेषेपर्यंत आलीसुद्धा नव्हती."

ते माझ्याकडे वळले.

"तू पाच मिनिटांच्या आतलं काहीही लिहिलं असतंस, तर माझ्या खोट्याला तुझं खोटं जोडून पोरगी शिबिरात गेली असती. आणि मी गप्प बसलो असतो. कारण मला तेच हवं होतं." ते पुढे काय बोलणार होते कोण जाणे, पण मागून सासूबाई कडाडल्या, "मग अमळनेरला कार्ड कशाला खरडलं? हवं होतं म्हणे!"

"शब्द दिला होता."

"शब्द काय दिला होता? शिबिरात निवड झाली तर. पंधराशेच पाहिजे असं म्हणाले होते का तुम्ही?"

आबांनी कार्ड कोटाच्या खिशात घातलं. सासूबाई आत निघून गेल्या आणि आतूनच म्हणाल्या, "त्या अत्तरदे मास्तरने हिचं नाव आठशेमध्येही टाकलंय. अर्जात एक रकाना रिकामा राहिला म्हणून. उद्या सकाळी आहे ना वं ते?"

द्वारकी म्हणाली, "आई, आठशे म्हणजे वेगळंच असतं. ते मी कधी मनापासून पळलेच नाही. आणि माझे पाय बघ, उभं राहवत नाही."

"मग बसून पळ. भरीत खा आधी."

*

रविवारी सकाळी आबांनी आपलं स्टॉपवॉच अत्तरदे सरांच्या हातात दिलं.

"हे काय, गार्डसाहेब?"

"आज मला दिसत नाही नीट," आबा म्हणाले. "आज धुळ्याचे दोघे दोन-दोन घड्याळं घेऊन आलेत, हे धरून तुमचीही दोन, पहिल्या दोघींना पुरतील. तिघे झाले."

मीही खाली थांबले. आम्ही दोघं मैदानाच्या पलीकडच्या बाजूला, जिथे कुणीच उभं नसतं तिथे, लिंबाखाली जाऊन उभे राहिलो. आठशेला निवडीची वेळ होती दोन मिनिटं चोवीस सेकंद.

पिस्तूल सुटलं. आबांचा हात खिशाकडे गेला आणि रिकामाच बाहेर आला.

"किती झाले असतील?" पहिली फेरी पुरी व्हायच्या आतच त्यांनी विचारलं.

"मला विचारू नका, आबा. माझ्यावर कुणी विश्वास ठेवत नाही."

मुली आमच्या समोरून गेल्या. पावराची मुलगी पुढे, द्वारकी तिसरी. ती आमच्यापासून तीन हातांवरून गेली. तिचा श्वास ऐकू आला, बुटांचे गवतावर पडणारे आवाज ऐकू आले.

"दात विचकते गं," आबा म्हणाले.

"हो."

"हिची आजी असंच करायची. दळताना. माझी आई." मग त्यांना काय झालं कुणास ठाऊक, मालगाडीच्या मागच्या डब्यातून इंजिन ड्रायव्हरला हाक मारावी तसे ते ओरडले, "द्वारके! पुढे मोकळं आहे! सोड गाडी!"

द्वारकीने मान वळवली नाही, पण तिने ऐकलं. पुढच्या दीडशे मीटरमध्ये ती पावराच्या मुलीला लागली आणि दोघी शेवटच्या वळणापर्यंत खांद्याला खांदा लावून गेल्या. त्यापुढचं आम्हाला नीट दिसलं नाही. माणसं मध्ये आली. पलीकडे रेषेवर आरडाओरडा झाला आणि थांबला.

"कोण?" आबांनी विचारलं.

"दिसलं नाही."

आम्ही धावत गेलो. साठीचे आबा, आणि साडीचा ओचा धरून मी. मचाणावर अत्तरदे सर तीन चिठ्ठ्या उघडून बघत होते. आम्हाला बघून त्यांनी मुद्दाम चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला. त्या माणसाचा मला इतका राग आयुष्यात कधी आला नाही.

"मास्तर, बोला!" आबा ओरडले.

"पहिली शिरपूरची," ते म्हणाले. "द्वारकाबाई दुसऱ्या. दोन तेवीस चार, दोन तेवीस सहा, दोन तेवीस आठ. कुठलंही धरा, गार्डसाहेब."

द्वारकी गवतावर उताणी पडली होती. आबा तिच्याजवळ गेले, पण काय करायचं ते त्यांना सुचेना. शेवटी त्यांनी खाली बसून तिच्या बुटांच्या नाड्या सोडायला घेतल्या.

*

द्वारकी शिबिराला गेली आणि पंधराशे पुन्हा कधी पळली नाही. आठशेच तिचं झालं. सात वर्षं ती पळली. एकदा राष्ट्रीय स्पर्धेत तिसरी आली, दोनदा चौथी, आणि एका वर्षी घोटा मुरगळून घरी बसली तेव्हा सगळ्या घराला तिने नको करून सोडलं. रेल्वेत तिकीट तपासनीस म्हणून लागली. तिसाव्या वर्षी तिने आपणहून लग्न केलं, मनमाडच्या एका हॉकी खेळणाऱ्याशी. आता ती सत्तरीला आली आहे. गुडघे बदललेत, आणि फिजिओथेरपीच्या मुलीशी वेळेवरून भांडते.

अमळनेरचा मुलगा एकदा तिला गाडीत भेटला, पास संपलेला. तिने पावती फाडली, मग ओळख दिली. त्यांची दोन्ही घरं अजून एकमेकांकडे लग्नाला जातात.

शिरपूरची मुलगी त्याच शिबिरात द्वारकीच्या खोलीत होती. पुढे ती आश्रमशाळेत शिक्षिका झाली, आणि तिने तिथून चार मुली राज्यापर्यंत पाठवल्या. अत्तरदे सर शहाऐंशी साली गेले. अमळनेरचं ते कार्ड आबांच्या कोटाच्या खिशात राहिलं आणि सासूबाईंनी कोट धुतला. मुद्दाम की चुकून ते त्यांनी शेवटपर्यंत सांगितलं नाही.

आबांनी त्यानंतरही पुष्कळ शर्यतींची वेळ घेतली, पण द्वारकीच्या नाही. तिच्या शर्यतीला ते पलीकडच्या बाजूला उभे राहायचे. नागपूर, पुणे, एकदा तर जबलपूर. चौऱ्याऐंशीच्या उन्हाळ्यात ते गेले. जायच्या आदल्या दिवशी द्वारकी शेजारी बसली होती, आणि ते तिच्याकडे बघत होते, इतका वेळ की ती लाजून म्हणाली, "काय बघताय आबा?" ते म्हणाले, "बघू दे."

मी तीस वर्षं जिल्ह्याच्या शर्यतींना घड्याळ धरलं. माझ्या आकड्यावर वाद झाला नाही. फक्त द्वारकीची शर्यत लागली की मी घड्याळ दुसऱ्याच्या हातात देऊन खाली उतरायचे. कुणी कारण विचारलं तर सांगायचे, "मला कामं आहेत दुसरी." आणि पलीकडे आबांच्या शेजारी जाऊन उभी राहायचे.